कुणाची आई

सोलहून सोराक उद्यानाच्या सहलीला निघालेल्या बसमध्ये तेहूनची आई टोपी डोळ्यांवर ओढून मागे बसली होती. तिकडच्या रीतीप्रमाणे डॉक्टर झालेल्या थोरल्या मुलाच्या, तेहूनच्या नावानेच सारी गल्ली तिला हाक मारायची. पुढे माइकवर बोलणारी गाइड बोराम ही तिची धाकटी लेक. "बँक सोडून डोंगर दाखवत हिंडणार? मग मला तोंड दाखवू नकोस!" असं तिने लेकीला बजावल्यापासून दोघींत अबोला होता.

"हा समोरचा कडा मूळचा दक्षिणेतल्या उल्सान गावचा. निघाला होता उत्तरेच्या मोठ्या डोंगरात मिरवायला," बोराम सांगत होती. "उशीर झाला, तिथे जागाच उरली नाही. मग इथेच बसला ऐटीत. आता जग याला बघायला येतं!"

टाळ्या पडल्या. शेजारच्या सीटवरची बाई म्हणाली, "काय गोड सांगते हो पोरगी! बरं, तुम्ही कुणाच्या आई?"

तिने टोपी काढली.

"बोरामची!"

इतक्या मोठ्यांदा, की माइकच गप्प झाला.