पाचची मुक्कामी गाडी

घोडेगावच्या स्टँडसमोरच्या सायबर कॅफेत प्रतिभा इंटरनेटवर बुद्धिबळ खेळायची. तळेघरची मुक्कामी एसटी पाचला सुटायची आणि तिच्यानंतर दुसरी गाडी नव्हती. हॉर्न वाजला की प्रतिभा डाव तसाच टाकून पळायची. त्यावरून समोर खेळणाऱ्यांनी आतापर्यंत दोनदा तिची तक्रार केली होती. तिसरी तक्रार झाली की तिचं खातं कायमचं बंद होणार होतं.

त्या दिवशी हॉर्न वाजला तरी ती उठली नाही. कंडक्टर आत आला.

“चल की गं, गाडी भरलीय.”

“आता उठले तर मला परत खेळूच देणार न्हाईत, भाऊ. तुमी जावा. मी चालत येते.”

“तळेघरापत्तोर?”

कंडक्टर बाहेर गेला. गाडीचं इंजिन बंद झालं. हळूहळू अर्धी एसटी प्रतिभाच्या खुर्चीमागे येऊन उभी राहिली. खेळ कुणालाच कळत नव्हता, पण सगळे पडद्याकडेच बघत होते.

दहा मिनिटांनी पडद्यावरचा डाव थांबला आणि इंग्रजीत एक ओळ आली.

“काय झालं?” शेजारच्या गोजरबाईंनी विचारलं.

“समोरचा मधीच निघून गेला, मावशी. तक्रार करायची का, इचारतंय.”

प्रतिभाचं बोट माउसवर होतं. गोजरबाईंनी भाजीची पिशवी या हातातून त्या हातात घेतली.

“नको करू बाई. त्याची बी यष्टी आली आसंल.”