बायकोचं प्रतिज्ञापत्र

"कप्तानच्या अंगावर अकरा खुणा आहेत, वहिनी. मी स्वतः मोजल्यात," वकीलबाई म्हणाल्या आणि कोर्टाच्या व्हरांड्यातल्या बाकावर कागद मांडून वाचू लागल्या.

डाव्या खांद्याखाली एक, बोटभर लांब. कमरेच्या वर तीन, एकाखाली एक. उजव्या बरगडीवर तळहाताएवढा काळानिळा डाग. दोन्ही तळपाय सुजलेले. यादी पुढे चालूच होती. आवाज सरळ होता, कामाचा. तरी ऐकता ऐकता कप्तानच्या बायकोच्या अंगाचा तिळपापड झाला. बोटभर म्हणजे काय, बोट लावून पाहिलं होतं की काय हिने?

कप्तानची ट्रकतळावर टोळी होती. तो आला की ड्रायव्हर खाली उतरून बोलायचे. पोलिसांनी वर्षभरात त्याला पाचव्यांदा उचललं होतं. दर वेळी गुन्हा नवा, दर वेळी जामीन, आणि सुटून दोन-चार महिने होतात न होतात तोच पुन्हा जीप दारात. आत मारतात, असं तो दर वेळी वकीलबाईंना सांगायचा. पोलिस म्हणायचे, मोरीत पाय घसरून पडला. या खेपेला वकीलबाईंनी हे न्यायाधीशांपुढे मांडायचंच ठरवलं होतं.

"पोलिस म्हणणार, खुणा जुन्या आहेत. म्हणून तुमचं प्रतिज्ञापत्र हवं," त्यांनी पेन पुढे केलं. "मंगळवारी सकाळी नेलं तेव्हा अंगावर एकही खूण नव्हती, एवढंच. तुमच्याइतकं कोणाला ठाऊक असणार?"

तुमच्याइतकं! तिला ते असं झोंबलं की पेन तिने घेतलंच नाही.

मागच्या अटकेतून सुटल्यापासून चार महिने कप्तान तिच्यासमोर शर्ट काढत नव्हता. मोरीत जाताना शर्ट, बाहेर येताना शर्ट. घामाने चिंब झाला तरी गळ्यापर्यंत बटणं लावून झोपायचा, तेही भिंतीकडे तोंड करून. ती शिलाई कारखान्यात दिवसभर परक्या माणसांच्या शर्टांना कॉलर लावायची आणि घरी येऊन स्वतःच्या नवऱ्याच्या कॉलरकडे बघत पडून राहायची. कोणाला कसा बडवला हे तो तिला जेवता जेवता सांगायचा. तिला घास गिळवत नसे, तरी ती ऐकून घ्यायची. स्वतः मार खाल्ला, तो मात्र या बाईला सांगितला. उघडा होऊन दाखवला.

"मी पाहिलं नाही," ती म्हणाली.

"म्हणजे?"

"मला नाही ते अंग दाखवत. तुम्हाला दाखवतात."

वकीलबाईंनी चष्मा काढला. मग हळूच म्हणाल्या, "खोटी सही नको, वहिनी. पण एकदा भेटून घ्या त्यांना. पाच मिनिटं मिळतील."

कैद्यांच्या खोलीत कप्तान भिंतीला खांदा न टेकवता बसला होता. दारात हवालदार.

"सही केलीस?"

"शर्ट काढा."

"वेड लागलं का? इथं?"

"मॅडमपुढे काढलात ना?"

त्याने हवालदाराकडे पाहिलं, मग खाली. "त्या लिहून घेतात गं. एक, दोन, तीन. ट्रकमधून माल उतरवताना मोजतात तसं. तेवढं जमतं मला."

"आणि मी? चार महिने मला वाटत होतं, दुसरी कोणीतरी आहे."

"होता की. साहेबांचा पट्टा." तो हसायला गेला आणि बरगडी धरून वाकला.

तिला हसू आलं नाही. "मला का नाही सांगितलंत?"

"तू हात फिरवला असतास."

"मग?"

"मग मी रडलो असतो." बोलता बोलता त्याची हनुवटी हलायला लागली. "एकदा रडलो तर पुन्हा जीप येईल तेव्हा उभं कसं राहायचं मी?"

हवालदाराने घड्याळावर टिचकी मारली. ती उठली. त्याच्या खांद्याकडे गेलेला हात तिने मध्येच मागे घेतला.

बाहेर येऊन ती वकीलबाईंच्या शेजारी बसली. मघाशी दोघींमध्ये पिशवी होती, ती तिने मांडीवर घेतली.

"लिहा. मंगळवारी खुणा होत्या की नव्हत्या, मला माहीत नाही. मागच्या खेपेला पोलिसांनी सोडल्यापासून माझा नवरा माझ्यासमोर शर्ट काढत नाही. एवढंच लिहा."

पेन थांबलं. "हे सगळ्यांपुढे वाचलं जाईल, वहिनी. पोलिस असतील, लोक असतील."

"वाचा."

दुपारी पुकारा झाला. पोलिसांनी आणखी कोठडी मागितली. वकीलबाईंनी अकरा खुणा वाचल्या. न्यायाधीश मान वर न करता टिपून घेत होते. इन्स्पेक्टर खिडकीबाहेर बघत होता. असले अर्ज त्याने पुष्कळ ऐकले होते. मग बायकोचं प्रतिज्ञापत्र आलं. ते दोनच ओळींचं होतं. मागच्या बाकावर कोणीतरी फिदीफिदी हसलं.

न्यायाधीशांनी पेन खाली ठेवलं. "हे कोणी लिहून दिलं?"

"मी," ती उभी राहिली. कानाच्या पाळ्यांपर्यंत तापली होती, पण बसली नाही.

त्यांनी तिच्याकडे पाहिलं, इन्स्पेक्टरकडे पाहिलं. "खोटं लिहिणारी असं लिहीत नाही. आरोपीला पोलिस कोठडी मिळणार नाही. पोलिसांच्या नव्हे, दुसऱ्या डॉक्टरकडून तपासणी करून घ्या. आजच."

वकीलबाईंनी आनंदाने वळून पिंजऱ्याकडे बघत मान हलवली. कप्तानला ते दिसलंही नाही. तो मागच्या बाकांकडे, उभ्या राहिलेल्या आपल्या बायकोकडे बघत होता, आणि बाहीने डोळे पुसायचंही त्याच्या ध्यानात नव्हतं.