चिमूटभर दालचिनी

पिशवीतून आधी पीठ निघालं. मग साखरेची पुडी, डब्यात जपून आणलेलं लोणी आणि तळाशी सुरकुतलेली सफरचंदं. आत्याबाईंनी एकेक वस्तू ओट्यावर मांडली आणि रुमालाने मान पुसली.

"फोनवर म्हणालीस ना, घरात काहीच नाही म्हणून. म्हटलं, आपल्याकडे आहे ते घेऊन जावं."



म्हणाली होती सूनबाई तसं. "चार दिवस येऊ का गं?" असं आत्याबाईंनी विचारल्यावर तिला दुसरं काही सुचलं नव्हतं. सरळ 'नको' म्हणायची सोय नव्हती. तिच्या नवऱ्याची आई गेल्यावर त्याला याच आत्याने लहानाचं मोठं केलेलं. पण आत्याबाई आल्या की पडदे धुवायला निघायचे, आणि भाचा किती वाळलाय यावर जेवताना रोज व्याख्यान व्हायचं. म्हणून सूनबाई म्हणाली, "या की, पण सध्या घरात काहीच नाहीये हो." शहाण्याला इशारा पुरतो. आत्याबाई नुसत्या प्रेमळ होत्या. भाच्याच्या कारखान्यात माणसं कमी करतायत, हे त्यांच्या कानावर आलं होतं. त्यांनी आपलं आपण गणित मांडलं, घरातले डबे पिशवीत रिकामे केले आणि भर उन्हात येऊन थडकल्या.

आणि स्वयंपाकघरातलं कपाट गच्च भरलेलं होतं. पीठ, साखर, ओट्स, बेदाणे, मुरांबे, सगळं एकावर एक. सूनबाई कपाटाला पाठ लावून उभी राहिली, जणू ते पळूनच जाणार होतं.

"अगं, अशी काय उभी? बस की. आज ढिगारा करते त्याच्यासाठी."

ढिगारा हे नाव नवऱ्याने लहानपणी ठेवलेलं. खाली सफरचंदाच्या फोडी, वर पीठ, साखर आणि लोण्याचा चुरा, आणि ते सगळं ओव्हनमध्ये तांबूस होईपर्यंत भाजायचं. गरम असतानाच खायचं. घरात काही नसलं तरी ढिगारा होतो, असं आत्याबाई नेहमी म्हणायच्या.

त्या फोडी करायला बसल्या. मग आवाज उतरवून म्हणाल्या, "नोकरी आहे ना गं त्याची?"

"आहे हो आत्या. खरंच आहे."

"बरं बरं. पण लपवू नकोस हो. आपल्या माणसापासून काय लपवायचं?"

सूनबाईला मेल्याहून मेल्यासारखं झालं. सांगून टाकावं, अगदी ओठांवर आलं. पण सांगणार काय? तुम्ही येऊ नये म्हणून खोटं बोलले, असं? तेवढ्यात दाराची घंटा वाजली, आणि तिला देवच पावला.

दारात शेजारीण होती. तिची किल्ली हरवली होती, मग सापडली होती, आणि या दोन्हींच्या मधलं सगळं तिला सांगायचं होतं. एरवी सूनबाईने तिला दोन मिनिटांत वाटेला लावलं असतं. आज तिनेच खोदून खोदून विचारलं.

ती परत आली तेव्हा फोडी काचेच्या भांड्यात पसरून झाल्या होत्या. आत्याबाई पाठमोऱ्या उभ्या राहून पिठात लोणी चोळत होत्या. कपाटाचं दार घट्ट लावलेलं होतं. सूनबाईचा जीव भांड्यात पडला.

मग मागे न बघताच आत्याबाईंनी विचारलं, "दालचिनी असेल का गं घरात? चिमूटभर?"

"नाही हो आत्या. संपलीय."

आत्याबाईंचे हात थांबले. "बरं," त्या म्हणाल्या, आणि पुन्हा चोळू लागल्या.

नवरा आला तो वास घेतच आला. बूटही न काढता त्याने पहिला घास घेतला, जीभ भाजून घेतली आणि दुसरा घेतला. "आत्या, दालचिनी विसरलीस?"

"विसरले रे. वय झालं आता."

सूनबाईने मान वर केली नाही. घास तोंडातल्या तोंडात फिरत राहिला.

"आता चार दिवस रोज ढिगारा," नवरा म्हणाला.

"छे रे, संध्याकाळच्या गाडीने निघते. घरी पडदे भिजत घालून आलेय."

"मग कपड्यांची बॅग कशाला आणलीस?"

"सवय," आत्याबाई म्हणाल्या, आणि हसल्या.

निघताना त्यांनी सूनबाईच्या पाठीवरून हात फिरवला. "आता तू बोलावशील तेव्हाच येईन हो."

"अहो, असं काय बोलता," सूनबाई म्हणाली, आणि मनात म्हणाली, सुटले बाई. त्याचीही तिला लाज वाटली, पण तितकीच, जितकी सुटल्यावर वाटते.

नवरा त्यांना सोडायला गेला. उरलेल्या पिठाची पुडी ओट्यावरच होती. ती ठेवायला तिने कपाट उघडलं, तर खालच्या खणांत बोट शिरवायला जागा नव्हती. पुडी ओट्यावरच ठेवून तिने काचेचं भांडं घासलं, पुसून कोरडं केलं आणि नेहमीच्या जागी ठेवायला हात वर नेला.

त्याची जागा कपाटातच होती. वरच्या खणात, दालचिनीच्या बरणीच्या मागे. बरणी कोणीतरी अलगद बाजूला सरकवलेली होती.

सूनबाई भांडं हातात धरून उभी राहिली. आत्याबाईंनी भांडं आधी काढलं होतं. दालचिनी नंतर मागितली होती.