ताईंना घेऊन या

ओढ्यावरचा पूल लालासाहेबांनी बांधला, पण ठेकेदारीचा परवाना बायकोच्या, विजयमालाच्या नावावर होता. पुलावरून एसटी धावू लागून चार वर्षं झाली तरी सरकारनं बिल दिलं नाही, तेव्हा तिच्याच नावानं हायकोर्टात याचिका घातली.

विश्रामबागेतले वकील दर तारखेला म्हणायचे, "लालासाहेब, एकदा ताईंना घेऊन या की."

"लेकीकडं गेलीया, शिरवळला."

पुढच्या तारखेला, "गुडघं लय दुखत्यात तिचं."

"का आम्हाला दाखवायचंच नाही ताईंना?" वकील हसायचे. लालासाहेब पुढची तारीख विचारून उठायचे.

शेवटी निकाल लागला. सहा आठवड्यांत व्याजासह सगळे पैसे विजयमालाला द्यावेत, असा हुकूम झाला. वकिलांनी पेढ्याचा पुडा त्यांच्या हातात दिला. "हा ताईंना. आता पैसे चुकत नाहीत."

लालासाहेबांनी पुडा तसाच टेबलावर ठेवला.

 

"वकीलसाहेब, वारस लावण्यात केस अडकंल म्हणून बोललो न्हाई. परवा वर्षश्राद्ध हाय तिचं. आता तरी पेपरात निधनाची बातमी देऊ का?"