बदली नट

“कोट चढव. आज तू,” मोइरा म्हणाली. नाटकाचं सगळं व्यवस्थापन तिच्याकडे. “ज्युलियनचा घसा बसलाय.”

इडवल प्यूने चहा पँटवर सांडला. लंडनच्या या संगीत नाटकात सहा वर्षं तो मागच्या घोळक्यात नाचत होता आणि नायकाचा बदली नट म्हणून वाट बघत होता. नायक ज्युलियन कधी आजारीच पडत नसे. सर्दीसुद्धा त्याला सुट्टीच्या दिवशी व्हायची.

एकदा तरी आईने आपल्याला नायक झालेलं पाहावं, एवढीच इडवलची आस. पण बदली नटाला कळतं आयत्या वेळी. आई वेल्समध्ये, रॉन्धा खोऱ्यात, चार तासांवर. तिची नजर तर महिन्यागणिक अधू होत चाललेली.

मनुका घालून तव्यावर भाजलेल्या केकचा डबा मात्र ती दर महिन्याला धाडायची. इडवलला नायकाच्या कोटात मावायचं होतं. म्हणून केक ज्युलियनच फस्त करी. “रिकामा डबा तुझ्या आईला मी पाठवतो, तेवढं तरी करू दे,” म्हणत स्वतः पोस्टात जाई.

अकरा वाजले होते. इडवलने फोन लावला.

“आई, आज मी! अडीचचा खेळ!”

पलीकडे पुरुषांचे आवाज दणाणत होते.

“चॅपलचं गायनमंडळ गातंय रे, जोरात बोल!”

“तुला आता पोचता यायचं नाही गं...”

“माझं सोड. पोटात काहीतरी घाल. आणि पहिला सूर शाळेतल्यासारखा खाली लावू नकोस!”

सूर खाली लागला नाही. शेवटचं गाणं संपलं तेव्हा दिव्यांपलीकडच्या काळोखातून चाळीस गळे एकदम उसळले. प्रेक्षागृह उजळलं. आज एक मार्च, वेल्सच्या संताचा दिवस; पुढच्या तीन रांगा छातीवर डॅफोडिलची पिवळी फुलं लावून उभ्या होत्या. मधोमध आई, चष्मा पुसत.

रंगमंचाच्या मागच्या दाराशी इडवलने तिला उचललंच.

“अगं, फोन अकराला केला! बस, चाळीस माणसं, सलग तीन रांगा... जमवलंस कसं?”

“खाली ठेव, मेल्या.” आईने पिशवीतून डबा काढला. “हा आधी ज्युलियनला दे. घशासाठी मध घातलाय म्हणावं.”

“आई, तिकिटं!”

“ती होय? ती नाताळातच आली. रिकाम्या डब्यातून.”