गोरक्षची शेवटची चढाई

सामना टीव्हीवर दाखवणार हे कळल्यापासून गोरक्षला जेवण गोड लागेना.

सातपूरच्या एका कारखान्याने त्याला कबड्डी खेळण्यासाठीच नोकरी दिली होती. पंधरा दिवसांपूर्वी मुंबईत अंतिम सामना एका गुणाने गेला. शेवटच्या चढाईत, अंगाला कोणाचं बोटही लागलेलं नसताना, गोरक्षचा पाय रेषेबाहेर पडला. घरी येऊन मात्र त्याने ठोकून दिलं, "पंचानं ढापलं, अण्णा. पाय आतच होता."

अण्णांनी, म्हणजे त्याच्या वडिलांनी, कोंडाजींनी, नुसती मान हलवली. खोटं बोलणाऱ्याच्या हातचं पाणीही न पिणारा माणूस. पोराचे सामने ते कधीच बघत नसत, छातीत धडधडतं म्हणून. अंतिम सामन्याच्या रविवारीही ते लासलगावला बहिणीकडे गेले होते, आणि येताना एक कांदासुद्धा आणला नाही म्हणून आई दोन दिवस धुसफुसत होती.

पंचाला शिव्या देऊन देऊन सगळी कॉलनी दमली होती. आता तीच कॉलनी त्या सामन्याचं चित्रण बघायला शेजारच्या विमलाबाईंच्या टीव्हीसमोर दाटीवाटीने बसली होती.

"अँटेना मी बघतो," म्हणत अण्णांनी चौकटीचा मफलर कानांवरून घेतला, हनुवटीखाली गाठ मारली आणि ते गच्चीकडे निघाले. "आवाज तेवढा मोठा ठेवा. मला वर ऐकू आलं पाहिजे."

"अहो, खाली बसून बघा की! पोरगं टीव्हीत येतंय," विमलाबाई म्हणाल्या.

"नको. छातीत धडधडतं."

एरवी बातम्यांनाही मुंग्या दाखवणारा तो टीव्ही नेमका आज शहाण्यासारखा वागत होता. पाऊण तास चित्र जरासुद्धा हललं नाही. गोरक्ष दिसला की टाळ्या पडत. त्याला मात्र भिंतीत शिरावंसं वाटत होतं. अण्णांना आता सगळे सांगणार, पोरगा खोटारडा निघाला.

"आता बघा हं त्या पंचाची लबाडी!" विमलाबाई सरसावून बसल्या.

निवेदकाचा आवाज चढला. "शेवटची चढाई! गोरक्ष मध्यरेषा ओलांडतोय..."

आणि पडद्यावर मुंग्याच मुंग्या.

"अण्णा, फिरवा! डावीकडे फिरवा!" सगळी खोली ओरडली.

"फिरवतोय, फिरवतोय!"

गोरक्षने डोळे मिटले. सुटलो बाबा! छातीवरचा धोंडा उतरला तसा त्याने लांब श्वास सोडला. त्याला चक्क हसू यायला लागलं.

"जाऊ द्या हो," तो उदारपणे म्हणाला. "झालं ते झालं. पंचसुद्धा माणूसच आहे."

खरखर थांबली. पडद्यावर दुसरा संघ नाचत होता. कॅमेरा प्रेक्षकांवरून सावकाश फिरत होता.

"आलं का रे चित्र?" अण्णांनी वरून विचारलं.

पडद्यावर, गोरक्षचा पाय बाहेर पडला त्याच रेषेला लागून बसलेल्या पहिल्या रांगेत, हनुवटीखाली चौकटीच्या मफलरची गाठ मारलेले अण्णा डोक्याला हात लावून बसले होते.