दाबकक्षाची कुलूपबंद खोली

बंदराच्या तळाशी काम करणारा पाणबुड्या भिकाजी कुबल वर आला, तेव्हा त्याचे दोन्ही पाय लुळे पडले होते. घाईने वर आल्याने जडणाऱ्या या आजारावर पाणबुड्याला पुन्हा हवेच्या दाबाखाली ठेवणारा दाबकक्ष हाच उपाय; तरी इस्पितळातल्या त्या दाबकक्षाची खोली उघडेना. त्याच्या मनगटावरच्या संगणकाने डुबकी सुरक्षित ठरवली होती, आणि संगणकाने धोका दाखवल्याशिवाय ते कुलूप निघत नसे.

"माझ्या नवऱ्याचे पाय खोटं बोलतायत का?" सुलभा डॉक्टरांवर कडाडली.

"संगणकाच्या गणितात हा आजार बसत नाही, ताई. माझ्या हातात काही नाही."

सुलभाने भिंतीवरची, आगीच्या वेळी वापरायची कुऱ्हाड काढून कुलूप फोडलं आणि ती तशीच उगारून म्हणाली, "आता तुमच्या हाताने दाबाची झडप फिरवा."

डॉक्टरांनी भिकाजीला कक्षात निजवलं आणि झडप फिरवली.

सहा तासांनी भिकाजी स्वतःच्या पायांनी बाहेर आला. सुलभाला पोलीस घेऊन गेले होते. तक्रारीवर सही डॉक्टरांची होती.